न्हावा शेवा खोल पाण्याचं बंदर आहे, मग जहाज भरतीची वाट का बघतं?

विचारणारे आयातदार आहेत आणि त्यांचे प्रश्न दोन आहेत. न्हावा शेव्याला सगळे खोल पाण्याचं बंदर म्हणतात, तरी त्यांचं जहाज भरतीसाठी आठ तास बाहेर नांगरावर उभं राहिलं, हे कसं? आणि जहाज धक्क्याला लागल्याचं मोबाईलवर दिसल्यानंतरही डबा, म्हणजे कंटेनर, हातात यायला चार दिवस का लागले?

मी तीस वर्षं टर्मिनलच्या प्लॅनिंगमध्ये काढली. आधी यार्ड, म्हणजे डबे रचून ठेवायचं मैदान, मग जहाजं. रागाचा भाग सोडला तर दोन्ही प्रश्न रास्त आहेत. पहिल्यापासून सुरू करतो, कारण दुसऱ्याचं अर्धं उत्तर त्यातच आहे.

मुंबईच्या खाडीला आडोसा उत्तम आहे, पण तळाला चिखल आहे. ठाण्याच्या खाडीतून, पनवेलच्या खाडीतून, तिकडे धरमतरकडून, सगळीकडून गाळ येतो. न्हावा शेव्याची खोली निसर्गाने दिलेली नाही. ती खणून काढलेली आहे आणि दर पावसाळ्यानंतर पुन्हा उपसून टिकवावी लागते. बाहेरच्या समुद्रातून धक्क्यापर्यंत सुमारे ३३ किलोमीटरचा मार्ग आहे. पाण्याखालचा एक रस्ताच म्हणा. खोदाईच्या पहिल्या टप्प्यानंतर १४ मीटर बुडणारी जहाजं येऊ लागली. दुसऱ्या टप्प्यात मार्ग ३७० मीटरवरून ४५० मीटर रुंद झाला आणि १५ मीटर बुडणारी, १२,५०० टीईयूची जहाजं घेता येऊ लागली. (टीईयू म्हणजे वीस फुटी डबा. चाळीस फुटी असेल तर दोन मोजायचे.)

मात्र हे १५ मीटर भरती धरून आहेत. नकाशावरची खोली साधारण सगळ्यात खालच्या ओहोटीपासून मोजलेली असते, वरचं पाणी भरती आणून देते. हिशेबापुरतं मार्गाची खोली १४ मीटर धरू. जहाज १५ मीटर बुडालेलं आहे आणि तळाखाली दीड मीटर मोकळं पाणी हवं. एकूण साडेसोळा झाले. म्हणजे भरतीने निदान अडीच मीटर द्यायला हवेत, आणि तेही जहाज मार्गातून येईपर्यंत टिकायला हवेत. पायलट, म्हणजे जहाजाला मार्गातून नेणारा बंदराचा वाटाड्या, चढल्यापासून दोर बांधेपर्यंत दोन-तीन तास सहज जातात.

कोकणात वाढलेल्याला हे नवीन नाही. आमच्याकडचे कोळी तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ सांगायचे. चतुर्थी असेल तर तीन वाजता, अष्टमी असेल तर सहाला. पुनवेला आणि अवसेला उधाण येतं तेव्हा भरती दुपारी आणि रात्री बाराच्या सुमारास असते आणि पाणी साडेचार मीटरच्या आसपास, कधी त्याच्याही वर चढतं. अष्टमीच्या आसपास भांग असतो, तेव्हा भरतीचं पाणी तीन-साडेतीनवरच थबकतं. एखाद्या जहाजाला साडेतीनच्या वर लागत असतील तर भांगाच्या दिवशी त्याच्यासाठी वेळच नसते. ते कुठल्या तरी आधीच्या बंदरात वजन उतरवून येतं, नाहीतर थांबतं. कुठलं जहाज कधी धक्क्याला लावायचं हे ठरवणाऱ्या रोजच्या बैठकीत संगणकावर तक्ते असायचे, तरी आमचे एक जुने पायलट आधी भिंतीवरच्या कालनिर्णयात तिथी बघायचे. तेव्हा आम्ही हसायचो. पुढे मीही तेच करायला लागलो.

एका जुलैच्या रात्रीचं सांगतो. जहाज निघायचं होतं आणि भरतीची वेळ पहाटे साडेतीनपर्यंत होती. डेकवरच्या शेवटच्या दोन रांगांचं लॅशिंग बाकी होतं. लोखंडी सळ्या आडव्या-तिरप्या अडकवून डबे एकमेकांना आणि डेकला आवळतात, ते काम. पाऊस असा की लॅशरला हातातली सळी दिसेना. काम सव्वाचारला संपलं. तोवर पाणी उतरलं होतं आणि पायलटने नाही म्हटलं. त्याचंच बरोबर होतं. त्या पाऊण तासापायी जहाज पुढच्या भरतीपर्यंत बारा तास धक्का अडवून बसलं आणि त्याच्या जागी येणारं दुसरं बाहेर नांगरावर लोळत राहिलं. तुमचे आठ तास बहुधा अशाच कुणाच्या तरी पाऊण तासातून आलेले असतील. आपल्याच जहाजाला भरती हवी असते असं नाही, आपल्या पुढच्यालाही हवी असते.

आता थोडा इतिहास, कारण हे बंदर इथेच का झालं याचं उत्तर पलीकडच्या किनाऱ्यावर आहे. मुंबई बंदराने भरतीशी वेगळ्या पद्धतीने जुळवून घेतलं होतं. १८८० चा प्रिन्सेस डॉक, पुढे व्हिक्टोरिया डॉक, १९१४ चा अलेक्झांड्रा डॉक, ज्याला आज आपण इंदिरा गोदी म्हणतो, या सगळ्या बंदिस्त गोद्या. भरतीला जहाज आत घ्यायचं, दरवाजा लावायचा, पाणी आत कोंडून ठेवायचं. बाहेर ओहोटी लागली तरी आतलं जहाज तरंगत राहतं. त्या काळासाठी अप्रतिम योजना होती. पण इंदिरा गोदीचा दरवाजा सुमारे १०० फुटांचा, म्हणजे साडेतीस मीटरचा, आणि जुन्या पनामा कालव्यातून जाणारी मोठी कंटेनर जहाजं ३२ मीटर रुंद. दीड मीटरने गणित फसलं. शिवाय गोदीच्या पाठीला अख्खं शहर. डबे रचायला मोकळी जागा नाही, दिवसा जड वाहनांना शहरात मज्जाव. मुंबईच्या गोदीला कामगारांनी किंवा संपांनी मारलं असं लोक सरसकट म्हणतात, ते मला पटत नाही. कंटेनरला लागते पाठीमागची सपाट जमीन, आणि ती मुंबईकडे नव्हती.

ती जमीन खाडीच्या पूर्वेला होती, उरण तालुक्यात. न्हावा आणि शेवा ही दोन गावं आहेत हे आज ट्रेलर घेऊन येणाऱ्या निम्म्या लोकांना माहीत नसतं. तिथे भातशेती होती, मिठागरं होती, मासेमारी होती. सिडकोसाठी आणि बंदरासाठी झालेल्या भूसंपादनाविरुद्ध दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली आंदोलन उभं राहिलं. १६ आणि १७ जानेवारी १९८४ ला दास्तान फाटा आणि नवघर इथे पोलिसांच्या गोळीबारात पाच जण गेले. जमीन गेलेल्याला साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचं तत्त्व याच लढ्यातून आलं. बंदर २६ मे १९८९ ला सुरू झालं. बंदरग्रस्तांना त्या साडेबारा टक्क्यांची इरादापत्रं मिळाली ती ऑगस्ट २०१४ मध्ये. शेवा कोळीवाड्यातल्या लोकांना उरणला हनुमान कोळीवाड्यात वसवलं, आणि ती घरं वाळवीने पोखरली. मी त्या बंदरावर पोट भरलं आहे, त्यामुळे हे सांगणं टाळलं तर ते मला शोभणार नाही.

सुरुवातीचं बंदर आजच्यासारखं नव्हतं. ६८० मीटरचा कंटेनर धक्का होता आणि शेजारी खतासारखा सुटा माल यंत्राने उतरवायची सोय होती. नव्वदच्या दशकात आयात-निर्यात खुली झाली आणि डब्यांचा पूर आला. १९९७ मध्ये करार होऊन १९९९ मध्ये एनएसआयसीटी हे देशातलं पहिलं खासगी कंटेनर टर्मिनल सुरू झालं, ६०० मीटरचं. बंदराची जमीन आणि पाणी सरकारचं, धक्क्यावरचा धंदा खासगी कंपनीचा, उत्पन्नात वाटा. हा नमुना पुढे देशभर गेला. शेजारी स्पर्धा उभी राहिल्यावर जुन्या सरकारी धक्क्याचा वेगही सुधारला, हे मी डोळ्यांनी पाहिलं. २००६ मध्ये सुट्या मालाच्या धक्क्याच्या जागी जीटीआय हे आणखी एक खासगी कंटेनर टर्मिनल आलं. २०१५ मध्ये ३३० मीटरचा आणखी एक धक्का आला. आता ३६६ मीटरच्या जहाजांच्या जमान्यात ३३० मीटरचा धक्का, जहाज शेजाऱ्याच्या अंगणात पाय पसरणार हे उघड आहे. हा धक्का आणि शेजारचं एनएसआयसीटी एकाच कंपनीच्या हातात असल्यामुळे निभावतं. मग २०१८ पासून बीएमसीटी हे टर्मिनल, धक्का आधी एक किलोमीटर आणि २०२५ मध्ये दुसरा टप्पा धरून दोन किलोमीटर. मूळचा सरकारी धक्काही २०२२ मध्ये खासगी हातात गेला. २०२४-२५ मध्ये बंदराने सुमारे ७३ लाख टीईयू हाताळले. दिवसाला सरासरी वीस हजार.

हे वीस हजार जातात कुठे, हा तुमचा दुसरा प्रश्न.

जहाज 'लागलं' म्हणजे फक्त दोर बांधले. त्यानंतर कागद होतात, लॅशर चढतात, सळ्या सुटतात, मग क्रेनची दांडी खाली येते. समजा या जहाजावर चढ-उतार मिळून तीन हजार डब्यांचं काम आहे आणि पाच क्रेन लावल्या आहेत. चांगला ऑपरेटर तासाला पंचवीस ते तीस डबे काढतो. सत्तावीस धरले तरी बावीस तास झाले. म्हणजे तुमचा डबा पहिल्या तासात उतरेल किंवा बाविसाव्या. मोबाईलवरचं ॲप हे सांगत नाही.

पण बे प्लॅन, म्हणजे जहाजावर कुठला डबा कुठे आहे याचा नकाशा, सांगतो. जहाजावरच्या प्रत्येक डब्याला सहा आकडी पत्ता असतो. ३४०६८२ असेल तर बे (लांबीतला खण) ३४, रो (रुंदीतली रांग) ०६, टियर (उंचीतला थर) ८२. सम आकड्याचा बे म्हणजे चाळीस फुटी. सम रो म्हणजे जहाजाच्या डाव्या अंगाला. ८२ म्हणजे डेकवरचा अगदी तळाचा थर. त्याच्यावर ८४, ८६, ८८ असे डबे रचलेले असणार आणि ते हलल्याशिवाय हा हलणार नाही. टियर ०२ किंवा ०४ असेल तर डबा हॅचच्या झाकणाखाली, पोटात आहे. आधी डेकवरचं सगळं उतरणार, मग झाकण निघणार, मग याची पाळी. त्याच खणातला पुढच्या बंदराचा माल मध्ये आला तर तो उचलून बाजूला ठेवायचा आणि पुन्हा चढवायचा. क्रेनच्या केबिनमध्ये ऑपरेटर चाळीसेक मीटर उंचीवर, पायांखालच्या काचेतून खाली बघत, दिवसभर मान वाकवून हे काम करतो. वय झालेल्या ऑपरेटरला मानेचं विचारू नका.

उतरलेला डबा यार्डात जातो आणि खरा घोळ इथे होतो. आरटीजी ही रबरी चाकांवरची मोठी चौकट. तिच्या खाली सहा रांगा, पाच-पाच डबे उंच, आणि बाजूला ट्रेलरची वाट. निर्यातीचा डबा आम्ही शहाण्यासारखा रचतो, कारण तो कुठल्या जहाजाचा, कुठल्या बंदराचा, किती वजनाचा हे माहीत असतं. जड खाली, हलका वर, एका बंदराचे एकत्र. (जुलै २०१६ पासून तोललेलं वजन कळवल्याशिवाय डबा जहाजावर चढत नाही. त्याआधी कागदावर १८ टन आणि क्रेनच्या काट्यावर २६, हे प्रकार सर्रास होते.) आयातीचं उलट आहे. कोणाची कस्टम्स आधी सुटेल, कोणाचा ट्रेलर आधी येईल, देव जाणे. त्यामुळे मांडणी कितीही चांगली केली तरी मागणी येते ती तळाच्याच डब्याला. पाचाच्या थप्पीतला तळचा काढायला वरचे चार हलवावे लागतात. त्या चार हालचालींचे पैसे कोणी देत नाही, आणि तेवढा वेळ मागच्या ट्रेलरचा ड्रायव्हर हॉर्न वाजवत असतो.

डबे हरवतातही. एकदा एक डबा सिस्टिममध्ये एका जागी आणि प्रत्यक्षात दोन ब्लॉक पलीकडे होता. चार इंग्रजी अक्षरं आणि सात आकडे असा डब्याचा नंबर असतो. शेवटचा आकडा आधीच्या सगळ्यांवरून गणिताने काढलेला, चूक पकडण्यासाठीच. तरी डब्यांची नोंद करणाऱ्या टॅलीवाल्याने शेवटचा आकडा न तपासता मधले दोन उलटसुलट टाकले आणि शिफ्ट संपवून घरी गेला. मी आणि एक पोरगा टॉर्च घेऊन पहाटे तीन वाजता रांगांमधून नंबर वाचत फिरलो. आता गेटवर आणि क्रेनवर कॅमेरे नंबर वाचतात, हे दुखणं जवळपास गेलं. पण नवं आलं. २७ जून २०१७ ला मर्स्क समूहाच्या संगणकांवर सायबर हल्ला झाला आणि त्याच समूहाच्या हातातलं जीटीआय ठप्प झालं. क्रेन होत्या, माणसं होती, डबे समोर होते. कुठला डबा कुणाचा आणि कुठे, एवढंच कळेना.

यार्डातून बाहेर पडायच्या वाटा तीन. सीएफएस, म्हणजे बंदराबाहेरची कस्टम्सची गोदामं. उरण-पनवेल पट्ट्यात अशी तीसच्या वर आहेत. डबा आधी तिथे हलतो, तिथे तपासणी, तिथून सुटका. दुसरी वाट डीपीडीची, म्हणजे टर्मिनलवरून थेट तुमच्या कारखान्यात. २०१६-१७ पासून तिने जोर धरला. तिसरी रेल्वेची. पंचेचाळीस वाघिणी, नव्वद टीईयू, उत्तरेकडच्या डेपोंना. ऐकायला सोपं आहे, पण येणाऱ्या एका गाडीत तीन-चार टर्मिनलचे डबे मिसळलेले असले की एका टर्मिनलवर उतरवून दुसऱ्याकडे ट्रेलरने पाठवत बसावं लागतं. या मिक्स गाड्यांनी जितकं डोकं खाल्लं तितकं पावसाने नाही.

माझ्या कारकिर्दीत मी एकच गोष्ट पुन्हा पुन्हा पाहिली. धक्का वाढवला की रांग यार्डात येते, यार्ड सुधारला की गेटवर, गेट सुधारला की बाहेरच्या रस्त्यावर, करळ फाट्यावर. मार्ग खोल केला, मोठी जहाजं आली, म्हणजे पूर्वी तीन दिवसांत उतरणारे डबे एका दिवसात उतरू लागले आणि ते सगळे एकदमच रस्त्यावर आले. खोल पाण्याचं कौतुक करणारे हे सांगत नाहीत.

आणि मार्ग एकच आहे, तोही बाहेरच्या भागात मुंबई बंदराशी सामाईक. ७ ऑगस्ट २०१० ला बाहेर पडणारं एमएससी चित्रा आणि आत येणारं खलिजिया-३ यांची टक्कर झाली. चित्रा कलंडलं, डबे पाण्यात पडले, तेल सांडलं, किनाऱ्यावरची खारफुटी काळी पडली. काही दिवस दोन्ही बंदरांची ये-जा बंद होती, कारण पाण्याखाली कुठे डबा पडला आहे हे पाहिल्याशिवाय कोणतंही जहाज हलवता येत नव्हतं.

वाढवण बंदराचा मुद्दा इथूनच येतो. जगातली सर्वांत मोठी कंटेनर जहाजं ४०० मीटर लांब, ६१ मीटर रुंद, २४,००० टीईयूची आहेत, आणि पूर्ण भरल्यावर १६ मीटरच्या वर बुडतात. न्हावा शेव्यात आणखी खणत राहणं म्हणजे दर वर्षी गाळाशी नवी कुस्ती. वाढवणला, डहाणूजवळ, सुमारे २० मीटरची नैसर्गिक खोली आहे. जून २०२४ मध्ये ७६,२२० कोटी रुपयांच्या त्या प्रकल्पाला मंजुरी मिळाली आणि ऑगस्टमध्ये पायाभरणी झाली. तांत्रिकदृष्ट्या जागा योग्य आहे असं माझं मत. पण तिथल्या मच्छीमारांचा विरोध कानाआड करू नये. उरणची साडेबारा टक्क्यांची पंचवीस वर्षं त्यांनीही पाहिली आहेत.

आता तुमचे चार दिवस मोजू. नांगरावरचे आठ तास त्याआधीचे, ते वेगळे. जवळपास एक दिवस उतरण्यात, डबा उशिराच्या खणात असावा. एक दिवस सीएफएसला हलवण्यात. उरलेला वेळ कागदांचा, आणि तो तुमच्या हातातला होता. बिल ऑफ एंट्री, म्हणजे आयात मालाचं कस्टम्सकडे द्यायचं घोषणापत्र, जहाज येण्याच्या आदल्या दिवसापर्यंत भरायची असते, उशीर झाला की दंड लागतो. ती जहाज लागल्यावर भरणारे अजून भेटतात. शिपिंग लाइनचे पैसे आधी भरून डिलिव्हरी ऑर्डर, म्हणजे डबा तुम्हाला सोडायचं पत्र, काढून ठेवा. महिन्याला चार-पाच डबे येत असतील तर सीएचएला, म्हणजे कस्टम्सचं काम बघणाऱ्या तुमच्या एजंटला, डीपीडीचं विचारा. फक्त तुमच्या गोदामात डबा त्याच दिवशी रिकामा करायची सोय हवी, नाहीतर टर्मिनलचं भाडं वाचवून ट्रेलरचं भराल.

आणि सीएचएला 'जहाज लागलं का' असं विचारू नका, ते तुम्हालाही मोबाईलवर दिसतं. डब्याचा सहा आकडी पत्ता मागा. शेवटचे दोन आकडे ०२ किंवा ०४ निघाले तर ट्रेलर दुसऱ्या दिवशीचाच ठरवा.